टोकन देण्याआधी: मुंबईच्या आसपास पहिलं घर घेणाऱ्यांसाठी

आमच्या सोसायटीतल्या एका मुलाचं लग्न ठरलंय. गेल्या रविवारी सकाळी तो चहाला आला तो हातात तीन रंगीत ब्रोशर घेऊनच. "काका, मंगळवारपर्यंत टोकन दिलं तर स्टॅम्प ड्युटी माफ म्हणतायत. शेवटचे दोनच फ्लॅट उरलेत. देऊ का?"

कार्पेट, म्हणजे आतली वापरायची जागा, किती, विचारलं. "वन बीएचके आहे ना." रेरा नंबर, म्हणजे प्रोजेक्टची सरकारी नोंदणी? "असेलच की." सीसी, म्हणजे बांधकामाची परवानगी, कितव्या मजल्यापर्यंतची आहे? यावर त्याने कप खाली ठेवला.

त्याला हसायचा मला अधिकार नाही. मीही असाच होतो. डोंबिवलीच्या पलीकडच्या एका साइट ऑफिसात मला जूनमध्ये "शेवटचे दोन" सांगितले होते. दिवाळीला पुन्हा गेलो तर तेव्हाही दोनच उरले होते. पन्नास लाखांच्या आतलं घर इतकं दुर्मीळ झालंय की असं काही ऐकलं की पोटात गोळा येतो आणि हात चेकबुकाकडे जातो. समोर बसलेल्या सेल्सवाल्याला हे पक्कं ठाऊक असतं. त्या मुलाला तासभर जे सांगितलं ते इथे क्रमाने लिहितो. मुंबई, ठाणे, कल्याण-डोंबिवली, वसई-विरार, पनवेल हा पट्टा डोळ्यांसमोर आहे. पुणेकरांनाही बहुतेक सगळं लागू पडेल, फरक आहे तिथे सांगेन.

पहिलं काम: कागद-पेन्सिल घेऊन हिशोब

ब्रोशरवरचा आकडा ही घराची किंमत नव्हे. समजा करारात ४२ लाख लिहिले. स्टॅम्प ड्युटी मुंबईत ६ टक्के, ठाण्या-पुण्यात ७ टक्के. सात धरले तर २ लाख ९४ हजार. नोंदणी फी एक टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही, म्हणजे ३० हजार. बांधकाम चालू असेल तर जीएसटी. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसलं तर १ टक्का, म्हणजे ४२ हजार. झाले ३ लाख ६६ हजार. ओसी, म्हणजे इमारतीत राहायला पालिकेची परवानगी, मिळाल्यानंतर घर घेतलं तर जीएसटी नाही.

आता कर्ज. रिझर्व्ह बँकेच्या नियमाने ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ९० टक्के मिळू शकतात, त्यापुढे ७५ लाखांपर्यंत ८० टक्केच. स्टॅम्प ड्युटी आणि नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत. म्हणजे ४२ लाखांवर फार तर ३३ लाख ६० हजार. उरलेले ८ लाख ४० हजार आणि वरचे ३ लाख ६६ हजार मिळून १२ लाखांच्या थोडे वर तुमच्या खिशातून जाणार. त्यात मेंटेनन्सचे आगाऊ पैसे, पडदे, पंखे, गॅसची जोडणी अजून धरलेली नाही. एवढे नसतील तर ब्रोशर गोळा करत बसू नका, आधी वर्षभर साठवा.

घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर स्टॅम्प ड्युटीत एक टक्का सूट आहे, वरच्या हिशोबात ४२ हजार. नवऱ्याचं नाव जोडलं की सूट गेली. आमच्याकडे यावरून दोन दिवस अबोला होता, असो.

जीएसटीत एक खाच आहे, ती नीट समजून घ्या. परवडणारं घर म्हणजे ४५ लाखांपर्यंतचं, आणि मुंबई महानगर प्रदेशात ६० चौरस मीटर कार्पेटच्या आतलं. पुणे या व्याख्येत महानगर धरलेलं नाही, म्हणून तिथे ९० चौरस मीटर. ही ४५ लाखांची रेघ २०१९ पासून तिथेच आहे, घरांच्या किमती मात्र थांबलेल्या नाहीत. आणि ४५ लाखांत फ्लॅटची मूळ किंमतच नाही, तर पार्किंग आणि बिल्डर लावतो ते इतर चार्जेसही धरतात. मूळ किंमत ४३, पार्किंगचे ३, बेरीज ४६. झालं, जीएसटी १ टक्क्यावरून ५ टक्क्यांवर: ४६ हजारांऐवजी २ लाख ३० हजार. कॉस्ट शीट मागा आणि शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. "स्टॅम्प ड्युटी माफ" वाल्यांचीही कॉस्ट शीट मागा. माफ केलेली रक्कम चौरस फुटाच्या दरात कुठे बसवलीय ते दिसतं.

आणखी एक. एजंट अजूनही "पंतप्रधान योजनेचे २ लाख ६७ हजार परत मिळतात" असं सांगतात. ती जुनी सबसिडी. दुर्बल आणि अल्प उत्पन्न गटासाठी ती मार्च २०२२ मध्ये संपली. सप्टेंबर २०२४ पासूनच्या नव्या योजनेत व्याजाची सबसिडी जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, तीही पाच वार्षिक हप्त्यांत. कुटुंबाचं उत्पन्न ९ लाखांच्या आत, घर ३५ लाखांच्या आत आणि कर्ज २५ लाखांच्या आत हवं. म्हणजे आपल्या ४२ लाखांच्या घराला काहीच नाही.

दुसरं काम: म्हाडा आणि सिडकोचे कागद तयार ठेवा

बिल्डरकडे जाण्याआधी सरकारी घराची रांग लावून ठेवा. सोडतीत नाव लागेलच असं नाही. २०२३ मध्ये म्हाडाच्या मुंबई मंडळाची ४,०८२ घरं होती आणि अर्ज सव्वा लाखाच्या आसपास. २०२४ मध्ये घरं २,०३० आणि अर्ज लाखाच्या वरच. पण अर्जाची थोडी फी सोडली तर काही जात नाही, नाव लागलं नाही तर अनामत परत येते.

आपल्या पट्ट्यात वार्षिक उत्पन्न ६ लाखांपर्यंत अत्यल्प गट, ९ पर्यंत अल्प, १२ पर्यंत मध्यम, त्यावर उच्च. नवरा-बायको दोघांचं उत्पन्न एकत्र धरतात, हे विसरून कित्येकांचे अर्ज चुकीच्या गटात जातात. आधार, पॅन, डोमिसाइल दाखला, उत्पन्नाचा दाखला किंवा आयकर विवरणपत्र एवढं लागतं. नोंदणी ऑनलाइन आहे आणि सोडत नसतानाही करून ठेवता येते. डोमिसाइलसाठी जाहिरात येण्याची वाट पाहू नका. त्या आठवड्यात सेतू केंद्राबाहेर उभं राहायला जागा नसते.

सोडतीत "२० टक्के योजना" असं लिहिलेली घरं दिसतील. ती खासगी बिल्डरने बांधलेली असतात. मोठ्या महापालिकांच्या हद्दीत ४,००० चौरस मीटर किंवा त्याहून मोठ्या भूखंडावर बांधायचं तर २० टक्के घरं दुर्बल आणि अल्प उत्पन्न गटासाठी ठेवायची, असा नियम २०१३ पासून आहे. मग जमिनींचे तुकडे चार हजारांच्या जरा खाली बसू लागले. नाशिकमध्ये तशा तक्रारी बऱ्याच गाजल्या. बिल्डरांना लहान घर नको असतं याचं कारण साधं आहे: जमीन, पालिकेचे प्रीमियम आणि व्याज तेवढंच लागतं, आणि तीन बीएचके घेणारा घासाघीस कमी करतो. पण जिथे नियम पाळला जातो तिथली घरं चांगल्या वस्तीत, बाजारभावापेक्षा बरीच स्वस्त असतात. माझा सल्ला विचाराल तर आधी याच घरांसाठी अर्ज भरा.

उलट टोकाला विरार-बोळिंज. तिथे म्हाडाची हजारो घरं वर्षानुवर्षं पडून राहिली, पाण्याच्या तक्रारी, स्टेशनपासून लांब. शेवटी "प्रथम येणाऱ्यास प्रथम प्राधान्य" करून विकायला काढली. सिडकोने २०२४ मध्ये नवी मुंबईत २६ हजार घरांची योजना काढली तेव्हाही किमती पाहून अनेकांनी हात मागे घेतला. स्वस्त घरांचा तुटवडाही आहे आणि सरकारी घरं रिकामीही आहेत. त्यामुळे सरकारी म्हणून डोळे मिटून घेऊ नका, सकाळी ८ ची लोकल त्या स्टेशनवरून एकदा पकडून बघा.

तिसरं काम: साइटवर मोजपट्टी घेऊन जा

सुताराकडे असते ती पाच मीटरची टेप. सेल्सवाला जरा चमकतो, चमकू द्या.

मी पाहिलेल्या एका सॅम्पल फ्लॅटमध्ये बेडरूम छान मोकळी वाटत होती. वहिनी सहज पलंगावर आडवी झाली तर तिचे पाय बाहेर. तिची उंची पाच फूट चार इंच. टेप लावली, पलंग पाच फुटांचा निघाला. शेजारचं कपाट एक फूट खोल, हँगर आडवा लावला तर दार लागणार नाही. खोल्यांना दारं नव्हतीच आणि एक अख्खी भिंत आरशाची. मुद्दाम लहान केलेलं सामान हा या धंद्यातला जुना प्रकार आहे. घरातल्या तुमच्या पलंगाचं आणि फ्रिजचं माप लिहून न्या.

मग कार्पेट. रेरा कायद्याने कार्पेट म्हणजे घराच्या आतली वापरायची जागा. त्यात आतल्या भिंती येतात. बाहेरच्या भिंती, डक्ट, बाल्कनी आणि खासगी टेरेस येत नाही. ब्रोशरवर मात्र "यूजेबल एरिया" असा काहीतरी शब्द असतो. मला दाखवलेल्या घराचा तो ४१० चौरस फूट होता, रेराच्या पानावर कार्पेट ३६२. मधले ४८ फूट बाल्कनी आणि खिडकीबाहेरचा कट्टा. ४२ लाखांना ४१० ने भागलं तर दर १०,२४४ येतो, ३६२ ने भागलं तर ११,६०२. दोन प्रोजेक्टची तुलना करायची तर नेहमी रेरा कार्पेटने भागा. "सुपर बिल्टअप" हा शब्द कुणी काढला तर ऐकून सोडून द्या.

चौथं काम: रेरा नंबर, आणि त्याच्या पलीकडे

इथे घाई करू नका, एक सुट्टी टाका.

रेरा हा घर घेणाऱ्यांच्या संरक्षणाचा कायदा २०१६ चा, महाराष्ट्रात तो राबवणाऱ्या महारेरा प्राधिकरणाचं काम १ मे २०१७ ला सुरू झालं. ५०० चौरस मीटरपेक्षा मोठा भूखंड आणि आठपेक्षा जास्त फ्लॅट असतील तर नोंदणीशिवाय जाहिरातही करता येत नाही. ऑगस्ट २०२३ पासून जाहिरातीवर क्यूआर कोड लागतो. तो मोबाइलने स्कॅन करा, प्रोजेक्टचं पान उघडेल. त्यावर किती फ्लॅट आहेत, किती बुक झालेत, पूर्ण करण्याची तारीख काय, ती किती वेळा वाढवली, कोर्टकचेरी चालू आहे का, जमिनीवर कर्ज आहे का, हे सगळं असतं. माझ्या "शेवटच्या दोन" वाल्या इमारतीत त्या दिवशी निम्म्याहून जास्त फ्लॅट रिकामे होते. हे पान मी जूनमध्ये पाहिलं असतं तर दिवाळीपर्यंत झोप लागली असती.

पण नंबर दिसला म्हणजे झालं, असं समजू नका. कल्याण-डोंबिवलीत ६५ इमारतींचं प्रकरण अजून ताजं आहे. महापालिकेच्या परवानग्या बनावट तयार केल्या, त्या महारेराकडे दिल्या आणि नोंदणी नंबर मिळवले. नंबर पाहून लोकांनी घरं घेतली, कर्जंही मिळाली. नोव्हेंबर २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने त्या इमारती पाडायला सांगितलं. त्याच सुमारास नालासोपाऱ्यात ४१ इमारतींवर बुलडोझर फिरला. ती जमीन डंपिंग ग्राउंड आणि सांडपाणी प्रकल्पासाठी राखीव होती. राहणाऱ्यांकडे वीजबिल होतं, घरपट्टीच्या पावत्या होत्या. त्यांचा काही उपयोग झाला नाही.

म्हणून रेराच्या पानावरून सीसीची, म्हणजे बांधकाम सुरू करण्याच्या परवानगीची, प्रत उतरवून घ्या. तिच्यावरचा नंबर आणि तारीख घेऊन महापालिकेच्या नगररचना विभागात जा आणि "हे पत्र तुमचंच आहे ना?" एवढंच विचारा. त्या खिडकीवर तुम्हाला दोन फेऱ्या मारायला लावतील. मारा. सीसी कितव्या मजल्यापर्यंत आहे तेही वाचा. इमारत बावीस मजली, सीसी बाराव्यापर्यंत आणि तुम्हाला अठराव्यावरचा फ्लॅट दाखवतायत, असं सर्रास चालतं. तिथेच विकास आराखड्यात त्या सर्व्हे नंबरवर आरक्षण आहे का, हा डीपी रिमार्क मागा. नालासोपाऱ्याची गोष्ट या एका कागदावर कळली असती.

जमीन कुणाची हे सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्डावर दिसतं, ते ऑनलाइन मिळतं. नोंदणी विभागाच्या ई-सर्चवर त्या मालमत्तेचे जुने व्यवहार इंडेक्स टू मध्ये, म्हणजे नोंदलेल्या दस्ताच्या उताऱ्यात, दिसतात. हे वाचणं प्रत्येकाला जमत नाही, म्हणून वकील करा. मात्र तो तुमचा हवा. बिल्डरने सुचवलेला नको, बँकेच्या पॅनलवरचाही नको. बँक तिचं कर्ज सुरक्षित आहे का एवढंच बघते.

पाचवं काम: टोकन आणि करार

आता टोकन. नोंदणीकृत करार केल्याशिवाय बिल्डरला किमतीच्या १० टक्क्यांहून जास्त पैसे घेता येत नाहीत. आपल्या हिशोबात ४ लाख २० हजार. "आधी २० टक्के भरा, मग करार करू" हे बेकायदा आहे, कितीही गोड आवाजात सांगितलं तरी. टोकन द्यायचंच तर महारेराच्या नमुन्यातलं वाटपपत्र घ्या आणि पैसे चेकने किंवा ऑनलाइन, प्रोजेक्टच्या खात्यातच द्या. त्या नमुन्यात १५ दिवसांच्या आत बुकिंग रद्द केलं तर काही कापायचं नाही आणि पुढे उशीर होईल तशी वाढत कपात २ टक्क्यांपर्यंतच, असं लिहिलेलं आहे. साध्या पावतीवर दिलेलं टोकन परत मिळवताना चपला झिजतात. माझे ५१ हजार सात महिन्यांनी आले, तेही दोन तुकड्यांत. "थोडी रोख चालेल का?" असं विचारणाऱ्याला नाही म्हणा. ती रक्कम करारात नसते, म्हणजे उद्या भांडायची वेळ आली तर ती तुम्ही दिलीच नव्हती.

कराराचा मसुदा आठ दिवस आधी घरी मागा. सह्यांच्या दिवशी रजिस्ट्रार ऑफिसात शंभर पानं वाचून होत नाहीत. पाहायच्या गोष्टी: ताब्याची तारीख आणि तिच्यापुढे "सहा महिने ग्रेस" जोडलाय का. रेरा कार्पेट. पार्किंगचा नंबर आणि माप. उघड्या जागेतलं पार्किंग विकताच येत नाही, ते सोसायटीचं. सोसायटी आणि कन्व्हेयन्सचं, म्हणजे जमीन-इमारत सोसायटीच्या नावावर करून देण्याचं, कलम नमुना करारातल्यासारखं जसंच्या तसं आहे का.

हप्ते कसे जातात

महारेराच्या नमुना करारात टप्पे ठरलेले आहेत. करारानंतर एकूण ३० टक्क्यांपर्यंत, प्लिंथ (जोतं) झाल्यावर ४५, सगळे स्लॅब पडल्यावर ७०, मग भिंती, प्लास्टर, लिफ्ट असं करत ९५, आणि शेवटचे ५ टक्के ओसीनंतर ताब्याच्या वेळी. हप्ता मागणारं डिमांड लेटर आलं की बँकेला सांगण्याआधी साइटवर जाऊन स्लॅब मोजा. मोजायला इंजिनियर लागत नाही, रस्त्यापलीकडे उभं राहून मजले मोजता येतात. "ताब्यापर्यंत हप्ता नाही" अशा योजनांत कर्ज पहिल्या दिवसापासून तुमच्याच नावावर असतं. बिल्डरने व्याज भरायचं थांबवलं की बँक तुम्हाला फोन करते.

ताबा लांबला तर

करारातली तारीख उलटली की दोन रस्ते. पैसे व्याजासकट परत मागायचे, किंवा घर घ्यायचं आणि ताबा मिळेपर्यंत दर महिन्याचं व्याज मागायचं. व्याजाचा दर स्टेट बँकेचा सर्वांत जास्त एमसीएलआर (बँकेचा कर्जव्याजाचा मूळ दर) अधिक २ टक्के. बिल्डरने महारेराकडून तारीख वाढवून घेतली म्हणून तुमच्या करारातली तारीख बदलत नाही. तक्रार ऑनलाइन, फी ५ हजार रुपये, वकिलाशिवायही करता येते. आधी सलोखा मंचात बसून मिटतंय का तेही पाहता येतं. खरी अडचण निकालानंतर असते. बिल्डरने पैसे दिले नाहीत तर वसुलीचा वॉरंट जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो आणि तिथे फाइल किती दिवस बसेल याचा नेम नाही. त्या इमारतीतले चार-पाच जण मिळून पाठपुरावा करत असतील तर फाइल हलते. बुकिंग झालं की शेजाऱ्यांचा व्हॉट्सअॅप ग्रुप काढा, तो गणपतीच्या वर्गणीआधी या कामाला येतो.

ताब्याच्या दिवशी

"फिट-आउटसाठी (आतल्या फर्निचरच्या कामासाठी) चावी घ्या, ओसी येईल महिन्याभरात" असं म्हणून पूर्ण पैसे मागतात. ओसीची प्रत हातात आल्याशिवाय शेवटचे पाच टक्के देऊ नका आणि ताबापत्रावर सही करू नका. ओसीचा नंबरही पालिकेत पडताळा, सीसीसारखाच.

चावी घ्यायला जाताना बादली, मोबाइलचा चार्जर आणि एक गोटी न्या. चार्जर प्रत्येक प्लगात लावून बघायचा. गोटी फरशीवर सोडायची. बादलीभर पाणी बाथरूमच्या दारापाशी ओतायचं आणि कुठे जातं ते उभं राहून बघायचं. आमचं जाळीकडे न जाता सरळ हॉलकडे निघालं. ताबा मिळाल्यापासून पाच वर्षांत बांधकामातला दोष निघाला तर बिल्डरने ३० दिवसांत फुकट दुरुस्त करून द्यायचा असतो, पण तक्रार लेखी हवी. मी तिथेच उभं राहून पाण्याचा व्हिडिओ काढला आणि ईमेल केला. तेविसाव्या दिवशी फरशीवाला आला, बाथरूम उखडलं, उतार नीट केला. जाताना त्याने विचारलं, "साहेब, वरच्या मजल्यावर पण असंच आहे, त्यांनी लिहिलंय का?" त्यांनी लिहिलं नव्हतं. त्याच संध्याकाळी वर जाऊन त्यांच्याकडून ईमेल लिहून घेतला.